हप्ता सव्वीस हजार, पण घर कितीला पडलं?

डिसेंबर २०२५ मध्ये रिझर्व्ह बँकेनं रेपो दर सव्वापाच टक्क्यांवर आणला, त्या आठवड्यातली गोष्ट. कोल्हापुरातल्या आमच्या गल्लीतला एक पोरगा शिरोली एमआयडीसीत फौंड्रीत सुपरवायझर आहे. गाडी स्टँडला लावता लावता म्हणाला, "काका, वर्षात चार वेळा व्याज उतरलं म्हणं. माझा हप्ता हाय तिथंच हाय. माझ्या वाटणीचं बँकेनंच खाल्लं काय?"

खाल्लं नव्हतं. त्याच्या मोबाईलवर बँकेचं ॲप उघडून कर्जाचं पान काढलं. हप्ता तोच होता, पण शिल्लक महिने कमी झाले होते. व्याज उतरल्याचा फायदा बँकेनं मुदतीत दिला होता. मग जरा मागचे उतारे काढले आणि तिथं मात्र त्याचा चेहरा उतरला. २०२३ मध्ये हेच महिने भरमसाट वाढले होते. त्याला पत्ताच नव्हता, कारण हप्ता तेव्हाही तोच होता.

मी मार्केट यार्डात गुळाच्या अडत दुकानात बरीच वर्षं खतावणी लिहिली. तिथं येणारा शेतकरी दर विचारतो, वजन विचारतो, हमाली, तोलाई, अडत किती कापली ते विचारतो आणि हिशेबाची पट्टी हातात पडल्याशिवाय जागचा हलत नाही. तोच माणूस घराचं कर्ज काढायला बसला की एकच प्रश्न विचारतो, "हप्ता किती बसंल?" बँकवालाही खूश, कारण या प्रश्नाचं उत्तर त्याला हवं तितकं लहान करून देता येतं. मुदत वाढवली की झालं.

पुढचे बहुतेक आकडे एकाच उदाहरणावर बेतलेत. ३० लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के व्याज, २० वर्षं मुदत. तुमचा दर आज याहून कमीही असेल. आकडे थोडे हलतील, पण हिशेबाची चाल तीच राहील.

## व्याज म्हणजे पैशाचं भाडं

घरात लग्न निघालं की आपण मंडपवाल्याकडून भांडी आणतो. समजा तीस मोठी पातेली आणली. भाडं रोजचं आहे आणि जेवढी पातेली तुमच्याकडं राहिली तेवढ्यांचंच आहे. आज दोन परत केली तर उद्यापासून अठ्ठावीसांचं भाडं. आता मंडपवाल्याला रोज ठरावीक रक्कम द्यायची असं ठरलं, तर त्यातून आधी त्या दिवसाचं भाडं वळतं होणार आणि उरलेल्या पैशात जेवढी पातेली सुटतील तेवढी सुटणार.

घराचं कर्ज असंच चालतं. पातेली म्हणजे मुद्दल. ३० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी पहिल्या महिन्याचं भाडं होतं २१,२५० रुपये. हप्ता आहे २६,०३५. म्हणजे मुद्दल फिटलं ४,७८५. दुसऱ्या महिन्यात भाडं लागतं ते उरलेल्या मुद्दलावर, म्हणून ते कमी होतं. किती? चौतीस रुपयांनी.

या चौतीस रुपयांत पुढची वीस वर्षं दडलेली आहेत. मुद्दल सावकाश हलतं म्हणून व्याज सावकाश उतरतं, आणि व्याज सावकाश उतरतं म्हणून मुद्दल सावकाश हलतं.

## काहिलीतली वाफ

आपल्याकडच्या माणसाला हे गुऱ्हाळावर उभं राहून चटकन कळेल. काहील भरून रस चढवला, खाली जाळ घातला की पहिला बराच वेळ नुसती वाफ जाते. शेवटी तळाशी राहतो तो गूळ, रसाच्या साधारण पाचवा-सहावा हिस्सा. तुमचा हप्ता म्हणजे रस, व्याज म्हणजे वाफ आणि फिटलेलं मुद्दल म्हणजे गूळ. गंमत बघा, पहिल्या हप्त्यातून गूळ निघतो तोही अठरा टक्के, म्हणजे जवळपास काहिलीतल्याइतकाच. फरक असा की गुऱ्हाळात प्रत्येक आधणाला उतारा साधारण सारखाच पडतो, कर्जात तो दर महिन्याला थोडा थोडा वाढत जातो.

थोडा थोडा म्हणजे किती ते बघू. पाच वर्षांत तुम्ही १५ लाख ६२ हजार भरता. त्यातून मुद्दल उतरतं ते साडेतीन लाखांच्या जरा वर, बाकी सगळी वाफ. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, भरलेले पैसे होतात ३१ लाख २४ हजार. मूळ कर्जाहून जास्त. तरी बँकेचं येणं अजून २१ लाख असतं! हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष संपायला येतं, आणि अर्धं कर्ज फिटायला जवळजवळ चौदा वर्षं जातात.

दहा वर्षं हप्ता न चुकवता भरलेला माणूस घर विकायला काढतो, बँकेतून शिल्लक रकमेचं पत्र आणतो आणि त्याला वाटतं आकड्यात चूक झाली. चूक नसते.

वीस वर्षं पूर्ण केली तर एकूण भरणा ६२ लाख ४८ हजार. ३० लाखांवर ३२ लाख ४८ हजार व्याज.

## दरावर भांडतो, मुदतीवर सही करतो

साडेआठचे सव्वाआठ करून घ्यायला आपण तीन बँका फिरतो. फिरावंच. पण खरा खेळ मुदतीचा असतो आणि ती फॉर्मवर कुणीतरी दुसरंच भरून टाकतं.

तेच ३० लाख, तोच साडेआठ टक्के दर.

१५ वर्षं: हप्ता २९,५४२, एकूण व्याज २३ लाख १८ हजार.
२० वर्षं: हप्ता २६,०३५, एकूण व्याज ३२ लाख ४८ हजार.
२५ वर्षं: हप्ता २४,१५७, एकूण व्याज ४२ लाख ४७ हजार.
३० वर्षं: हप्ता २३,०६७, एकूण व्याज ५३ लाख ४ हजार.

वीस वर्षांवरून तीस वर्षांवर गेलात तर हप्ता तीन हजारांनीसुद्धा कमी होत नाही. व्याज मात्र साडेवीस लाखांनी वाढतं. पंचवीसवरून तीसवर जाताना तर महिन्याला हजार-अकराशे रुपये वाचवण्यासाठी साडेदहा लाख जास्त मोजायचे. उलट बाजूनं बघा. वीसची पंधरा वर्षं केली तर महिन्याला साडेतीन हजार जास्त जातात आणि सव्वानऊ लाख वाचतात.

असं का होतं? मुदत जितकी लांब, तितका हप्ता पहिल्या महिन्याच्या भाड्याच्या जवळ सरकतो. तीस वर्षांच्या कर्जात २३,०६७ पैकी २१,२५० भाड्यातच जातात, पातेली सुटायला उरतात अठराशे रुपये. पगार खरंच तेवढाच असेल तर लांब मुदत घ्या, त्यात कमीपणा काही नाही. पगार वाढला की हप्ता वाढवून घेता येतो. पण हप्ता तीन हजारांनी कमी बसतोय म्हणून आणखी एक खोली मोठा फ्लॅट घ्यायचा, हा हिशेब मला आजवर कुणाच्या फायद्याचा झालेला दिसला नाही. बिल्डर सोडून.

## २०२२-२३ मध्ये नक्की काय झालं?

रिझर्व्ह बँक इतर बँकांना थोड्या मुदतीसाठी पैसे देते, त्याच्या व्याजाला रेपो दर म्हणतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली बदलत्या दराची नवी घरकर्जं अशा एखाद्या बाहेरच्या दराला जोडावी लागतात, आणि बहुतेक बँकांनी रेपोच निवडलाय. रेपो अधिक बँकेचा ठरावीक वाढावा, असा तुमचा दर बनतो. रेपो हलला की तीन महिन्यांच्या आत तुमचा दरही हलतो.

कोरोनाच्या काळात, मे २०२० पासून, रेपो चार टक्के होता. मे २०२२ पासून तो चढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर गेला. अडीच टक्के वाढ, तीही नऊ-दहा महिन्यांत.

समजा २०२१ मध्ये कुणी पावणेसात टक्क्यांनी ३० लाख वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता २२,८११. दोन वर्षांनी शिल्लक साधारण २८ लाख ४८ हजार, मुदत उरली अठरा वर्षं. हिशेब सोपा राहावा म्हणून दर इथंच एकदम सव्वानऊ झाला असं धरू. आता एका महिन्याचं भाडंच होतं २१,९५३. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाला उरतात साडेआठशे रुपये. अशा गतीनं कर्ज फिटायला किती काळ लागेल? साडेपस्तीस वर्षं. अठरा वर्षांची वाट पस्तीस वर्षांची झाली आणि खात्यातून जाणारी रक्कम रुपयानंही बदलली नाही.

प्रत्यक्षात बँक निवृत्तीच्या वयापलीकडं फारशी ताणत नाही, त्यामुळं अनेकांची मुदतही वाढली आणि हप्ताही. पण आधी वाढली ती मुदत, गुपचूप. यावर तक्रारी झाल्या आणि ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं नियम काढला. दर बदलताना कर्जदाराला सांगितलं पाहिजे, आणि हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायची संधी त्याला दिली पाहिजे. स्थिर दरावर जायचा पर्यायही तेव्हा द्यावा लागायचा, ऑक्टोबर २०२५ पासून मात्र तो द्यायचा की नाही हे बँकेच्या मर्जीवर आहे. शिवाय दर तीन महिन्यांनी उतारा मिळायला हवा, ज्यात आजवर किती व्याज गेलं, किती मुद्दल फिटलं आणि किती हप्ते राहिले ते लिहिलेलं असतं. हा उतारा बहुतेकांच्या ईमेलमध्ये न उघडता पडलेला असतो.

आपल्या भागात एक गोष्ट वेगळी लक्षात घ्यावी लागते. इथं बरीच घरकर्जं नागरी सहकारी बँका, पतसंस्था आणि गृहवित्त कंपन्यांची आहेत. रेपोसारख्या बाहेरच्या दराला कर्ज जोडायचं ते बंधन त्यांच्यावर नाही. टीव्हीवर रेपो उतरल्याची बातमी आली म्हणून तुमचा दर उतरेलच असं तिथं धरू नका. बँकेतलंच पण २०१९ च्या आधीचं जुनं कर्ज असेल तरी तीच गत. शाखेत जाऊन नव्या पद्धतीवर बदलून मागा. त्याची फी लागते, पण बहुधा ती काही महिन्यांत निघून येते.

आणि कुणी "पाच टक्के फ्लॅट" म्हणालं तर हुरळू नका. फ्लॅट म्हणजे पातेली परत केली तरी शेवटपर्यंत तीसचंच भाडं. ३० लाखांवर वीस वर्षं पाच टक्के फ्लॅट म्हणजे हप्ता २५,०००, जो आपल्या नेहमीच्या पद्धतीनं जवळपास आठ टक्क्यांचा दर होतो.

## दर उतरलाय, मग हप्ता कमी करून घेऊ का?

फौंड्रीतल्या पोराचा पुढचा प्रश्न हाच होता. मी म्हटलं, घर चालत असेल तर हात लावू नको.

आपल्या उदाहरणातला दर सुरुवातीलाच साडेआठचा साडेसात झाला असं समजा. हप्ता कमी करून घेतला तर तो २४,१६८ होतो, महिन्याला १,८६७ रुपये सुटतात आणि वीस वर्षांत व्याज जातं २८ लाख. हप्ता २६,०३५ च ठेवला तर कर्ज सतरा वर्षांत संपतं आणि व्याज जातं २३ लाख २० हजारांच्या आसपास. पावणेपाच लाखांचा फरक, आणि खिशाला नवीन तोशीस काहीच नाही. आधी जात होते तेच पैसे जातात.

## किंमतपत्रकात न दिसणारे पैसे

समजा फ्लॅट ४० लाखांचा आहे. महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क स्थानिक अधिभारासह साधारण सहा टक्के, म्हणजे २ लाख ४० हजार. घर बाईच्या नावावर घेतलं तर एक टक्का सवलत आहे, ४० हजार वाचतात. (नाव लावायला ४० हजारांचं कारण लागावं हे काही बरं नाही, पण असो.) नोंदणी फी एक टक्का, कमाल ३० हजार. बांधकाम चालू असेल तर जीएसटी, ४५ लाखांपर्यंतच्या आणि ९० चौरस मीटर कार्पेटपर्यंतच्या घराला आपल्या शहरात एक टक्का, त्यापुढं पाच. भोगवटा प्रमाणपत्र मिळाल्यावर विकलेल्या फ्लॅटला जीएसटी नाही. मुद्रांक आणि नोंदणीचे पैसे बँक सहसा घराच्या किमतीत धरत नाही, ते रोख लागतात. मग वकिलाचा सर्च रिपोर्ट, व्हॅल्युएशन, प्रोसेसिंग फी, गहाणाचा मुद्रांक. आणि राहायला गेल्यावर दरवर्षी घरफाळा, दरमहा मेंटेनन्स.

बांधकाम चालू असताना बँक टप्प्याटप्प्यानं पैसे देते. तोवर दिलेल्या रकमेवर नुसतं व्याज घेतलं जातं, मुद्दल जागचं हलत नाही. १५ लाख सुटले असतील तर महिन्याला १०,६२५ रुपये. ताबा दीड वर्ष लांबला तर एक लाख ९१ हजार गेले, राहत्या घराचं भाडं वेगळंच.

मला स्वतःला चटका बसला तो विम्याचा. माझ्या कर्जाच्या वेळी कागदांच्या गठ्ठ्यात कर्ज-विम्याचा एक फॉर्म होता. "सगळेच घेतात," असं म्हणून सही घेतली आणि त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला. मला ते दुसऱ्या वर्षी उतारा बघताना कळलं. असा ६० हजारांचा विमा साडेआठ टक्क्यांच्या कर्जात वीस वर्षांसाठी घातला तर हप्त्यात ५२१ रुपये वाढतात, आणि शेवटी तो सव्वालाखाला पडतो. विमा वाईट असतो असं म्हणत नाही. घरात कमावणारा एकटा असेल तर तो हवाच. पण साधा मुदत विमा स्वतः बाहेरून घ्यावा, वर्षाच्या वर्षाला भरावा. कर्ज देताना विमा बँकेकडूनच घ्या अशी सक्ती करता येत नाही.

१ ऑक्टोबर २०२४ पासून कर्ज देण्यापूर्वी की फॅक्ट स्टेटमेंट नावाचा कागद देणं सक्तीचं आहे, तोही कर्जदाराला कळणाऱ्या भाषेत. त्यात एपीआर म्हणून एक आकडा असतो. व्याजात सगळ्या फिया आणि असला विमा मिळवून वर्षाला खरा किती टक्के खर्च पडतो, तो हा दर. दोन बँकांची तुलना करायची तर एपीआरची करावी. आपल्या अडतीतल्या पट्टीसारखाच हा कागद आहे, मागून घ्या.

## "पण वीस वर्षांनी सव्वीस हजारांना काय किंमत राहणार?"

हा आक्षेप खरा आहे, आणि "बघा, बँक दुप्पट घेते" असं ओरडणारे तो लपवतात.

महागाई वर्षाला पाच टक्के धरली तर वीस वर्षांनंतरचे २६,०३५ रुपये आजच्या ९,८०० रुपयांएवढे असतात. सगळे २४० हप्ते आजच्या किमतीत आणून बेरीज केली तर ६२ लाख ४८ हजारांचे होतात साधारण साडेएकोणचाळीस लाख. म्हणजे ३० लाखांवर खरा बोजा साडेनऊ लाखांचा. साडेबत्तीस लाख ऐकून छातीत धडकी भरते, तेवढी भरायचं कारण नाही.

पण यात एक अट आहे. तुमची कमाई महागाईच्या बरोबरीनं वाढली पाहिजे. सरकारी नोकरीत महागाई भत्ता मिळतो, तिथं हे जमतं. फौंड्रीत ऑर्डरी घटल्या की ओव्हरटाइम बंद होतो, महाद्वार रोडवरच्या दुकानदाराचं वर्ष सणांवर ठरतं, आणि ज्याचा हप्ता उसाच्या बिलावर अवलंबून आहे त्याला कारखान्याचं बिल कधी येईल तेही माहीत नसतं. अशा घरांना महागाई दोन्हीकडून मारते. त्यांनी साडेएकोणचाळीसच्या आकड्यावर विसंबू नये.

## "भाडं म्हणजे पैसे पाण्यात"

मग व्याज कशात? पहिल्या वर्षात या कर्जावर अडीच लाखांच्या वर व्याज जातं. तसलाच फ्लॅट समजा बारा हजारांनी भाड्यानं मिळतो, तर वर्षाला १ लाख ४४ हजार. सुरुवातीची कितीतरी वर्षं पाण्यात जाणारे पैसे घरमालकाचेच जास्त असतात. पुढं गणित फिरतं, कारण भाडं दरवर्षी वाढतं आणि हप्ता जागच्या जागी राहतो. दहा-पंधरा वर्षं त्याच घरात राहणार असाल तर विकत घेणं बरं. तीन-चार वर्षांत बदली, पुण्याची नोकरी असं काही डोक्यात असेल तर मुद्रांक शुल्कसुद्धा वसूल होणार नाही. मी स्वतः घर घेतलं आणि त्याचा मला पश्चात्ताप नाही. डोक्यावरचं छप्पर आपलं असण्याची किंमत टक्क्यांत काढता येत नाही, पण ती किंमत मोजतोय हे माहीत असावं.

## "कर वाचतो की!"

जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. वीस टक्क्यांच्या पायरीवर असाल तर त्यातून साधारण चाळीस हजार वाचतात, अडीच लाख व्याज भरून. नव्या प्रणालीत राहत्या घराच्या व्याजाला वजावट नाही, आणि २०२५-२६ पासून तिथं १२ लाखांपर्यंतच्या करपात्र उत्पन्नाला करच लागत नाही. त्यामुळं बहुतेक नोकरदारांच्या बाबतीत हा मुद्दा आता जवळपास निकालात निघालाय.

## जादा पैसे आले तर कर्जात टाकू की गुंतवू?

आधी हे बघा. बदलत्या दराचं घरकर्ज व्यक्तीनं मुदतीआधी फेडलं, थोडं वा सगळं, तर दंड लावता येत नाही.

टाकायचे तर लवकर टाका. दुसऱ्या वर्षाच्या शेवटी एक लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर पुढचं ३ लाख ३४ हजार व्याज वाचतं, सोळा-सतरा हप्ते गळतात. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर वाचतात पन्नास हजार. पातेलं लवकर परत केलं की त्याचं पुढचं सगळं भाडं वाचतं, इतकं साधं कारण. आणि एकरकमी जमत नसेल तर दरवर्षी एक हप्ता जादा, दिवाळीच्या बोनसमधून म्हणा, भिशी लागली त्या महिन्यात म्हणा. वर्षाला बाराचे तेरा केले की वीस वर्षांचं कर्ज सोळा वर्षं आठ महिन्यांत संपतं आणि सहा लाखांहून जास्त व्याज वाचतं. भरताना शाखेत लेखी द्या की हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा.

गुंतवणुकीचं म्हणाल, तर कर्जात टाकलेला रुपया साडेआठ टक्के नक्की वाचवतो आणि त्यावर कर नाही. एफडी कर जाऊन तेवढं देत नाही. शेअर बाजारातली एसआयपी, म्हणजे दरमहा ठरावीक रकमेची गुंतवणूक, लांब पल्ल्यात जास्त देऊ शकते, खात्रीनं देईल असं कुणी सांगितलं तर उठून या. ज्याची झोप कर्जानं उडते त्यानं कर्ज फेडावं, ज्याची उडत नाही त्यानं अर्धं-अर्धं करावं, असं माझं मत.

मात्र त्याआधी दोन कामं. क्रेडिट कार्डाची थकबाकी आणि शेकडा दोननं घेतलेले हातउसने असतील तर ते आधी मिटवा. शेकडा दोन म्हणजे वर्षाला चोवीस टक्के, त्यापुढं घरकर्ज स्वस्त आहे. आणि सहा महिन्यांचा खर्च हाताशी ठेवा. २०१९ आणि २०२१ च्या महापुरात पंचगंगेचं पाणी ज्यांच्या दारात आलं त्यांना विचारा. सगळी शिल्लक कर्जात भरून मोकळ्या झालेल्या माणसाला चिखल काढायला, फ्रीज आणायला पुन्हा महागडं कर्ज घ्यावं लागतं. घरात गेलेला पैसा तातडीनं बाहेर येत नाही.

## कर्ज फिटल्यावरचे हेलपाटे

शेवटचा हप्ता गेला की काम संपलं असं वाटतं. बँकेकडून बेबाकी दाखला, म्हणजे येणं काही उरलं नाही असं पत्र, आणि मूळ कागद, म्हणजे खरेदीखत, इंडेक्स टू (नोंदणीचा उतारा), आधीच्या खरेदीखतांची साखळी, सगळं यादी तपासून परत घ्यायचं असतं. १ डिसेंबर २०२३ पासून नियम असा आहे की कर्ज पूर्ण फिटल्यापासून तीस दिवसांत कागद परत दिले पाहिजेत, बँकेच्या चुकीनं उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये कर्जदाराला द्यायचे.

माझं कर्ज फिटलं तेव्हा हा नियम नव्हता. कागद दुसऱ्या शहरातल्या गोदामात आहेत, येतील, असं ऐकत अडीच महिन्यांत सात हेलपाटे घातले. आठवा हेलपाटा सिटी सर्व्हे ऑफिसचा, प्रॉपर्टी कार्डावरचा बोजा उतरवायला. तिथल्या क्लार्कनं बेबाकी दाखल्याची झेरॉक्स बघितली आणि ओरिजिनल मागितला. तो घरी होता.